करारातलं वऱ्हाड

अंजनगाव सुर्जी हे आमच्याकडे पानमळ्यांचं गाव. विड्याच्या पानांसाठी आणि पानपिंपरीसाठी ते ओळखलं जातं. तिथल्या पोरांना इतिहासाच्या पुस्तकात आपल्या गावाचं नाव अवचित भेटतं आणि वर्गात कुजबूज सुरू होते. सुर्जी-अंजनगावचा तह, ३० डिसेंबर १८०३, शिंदे आणि इंग्रज यांच्यातला. त्याच्या महिनाभर आधी, २९ नोव्हेंबरला, आजच्या तेल्हारा तालुक्यातल्या आडगावच्या मैदानावर लढाई झाली होती. १५ डिसेंबरला गाविलगड पडला. दोनच दिवसांनी नागपूरकर भोसल्यांनी देवगावच्या तहावर सही केली, वर्धा नदीच्या पश्चिमेकडचा आपला हक्क सोडला आणि तो निजामाच्या पदरात पडला. समोर इंग्रजांचा सेनापती होता आर्थर वेलस्ली. पुढे वॉटर्लूला नेपोलियनचा पराभव करणारा तोच.

लढाया आमच्या वावरांतून झाल्या, तह आमच्या गावाच्या नावानं झाला, मुलूखही आमचाच इकडून तिकडे गेला. सह्या करणाऱ्यांत मात्र वऱ्हाडचं कुणी नव्हतं. त्या काळी रयतेला विचारायची रीत नव्हती, हे मान्य. पण रीत बदलल्यानंतरही आम्हाला कुणी विचारलं नाही. स्वतंत्र विदर्भाच्या प्रश्नाकडे मी पाहतो तो इथून. सभांमधली चर्चा बहुधा १ मे १९६० पासून सुरू होते आणि निधीच्या आकड्यांवर येऊन थांबते. अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलडाणा आणि वाशीम या पाच जिल्ह्यांच्या वऱ्हाडात बसून पाहिलं तर गोष्ट त्याहून बरीच जुनी आहे.

आधी एक खुलासा केलेला बरा, कारण ‘वेगळं’ हा शब्द ऐकला की दूरची माणसं दचकतात. विदर्भाची मागणी देशातून फुटून निघायची कधीच नव्हती. राज्यघटनेच्या तिसऱ्या कलमानं संसदेला नवं राज्य घडवायचा अधिकार दिला आहे, त्या चौकटीतली ही मागणी आहे. तरीही ‘महाराष्ट्र तोडणारे’ हा शिक्का आमच्या माणसांवर इतक्या वेळा बसला की मागणी कशासाठी होती हेच मागे पडलं.

निजामाकडे आलेलं वऱ्हाड त्याच्याकडेही नीट राहिलं नाही. इंग्रजांनी त्याच्या नावानं, पण स्वतःच्या अधिकाऱ्यांखाली एक फौज उभी केली होती, हैदराबाद कंटिंजंट. तिचा पगार थकला, थकबाकी वाढत गेली आणि १८५३ साली गव्हर्नर जनरल डलहौसीच्या दबावाखाली निजामानं वऱ्हाड, धाराशिव आणि रायचूर दुआब इंग्रजांच्या हवाली केले. १८६० साली धाराशिव आणि रायचूर परत मिळाले, वऱ्हाड मिळालं नाही. कारण उघड आहे. इथली काळी जमीन कापसाची होती. अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, मँचेस्टरच्या गिरण्यांना तिकडचा कापूस मिळेना आणि खामगावच्या बाजाराचं नाव साता समुद्रांपलीकडे गेलं. १८६७ पर्यंत आगगाडी नागपूरला पोचली. खामगावला आणि अमरावतीला मुख्य मार्गावरून फाटे काढले गेले ते माणसांच्या सोयीसाठी नव्हेत, कापसाच्या गाठींसाठी.

निजामाच्या दिवाणानं, सालारजंगानं, वऱ्हाड परत मिळवण्यासाठी लंडनपर्यंत खटपट केली. उपयोग झाला नाही. १९०२ साली व्हाइसरॉय कर्झननं निजामाकडून वऱ्हाड कायमच्या पट्ट्यानं घेतलं, वर्षाला २५ लाख रुपये भाडं ठरवून. पाठोपाठ ते मध्य प्रांताला जोडलं. १९३६ साली आणखी एक करार झाला. त्यात सार्वभौम मालक निजामच असल्याचं पुन्हा मान्य करून त्याच्या थोरल्या मुलाला ‘प्रिन्स ऑफ बेरार’ ही पदवी दिली आणि कारभार होता तसाच इंग्रजांकडे ठेवला. सातबाऱ्यावर नाव एकाचं, वहिवाट दुसऱ्याची आणि घाम तिसऱ्याचा, असा तो व्यवहार. अमरावतीला १८९७ साली शंकरन नायर यांच्या अध्यक्षतेखाली राष्ट्रीय सभेचं अधिवेशन भरलं, दादासाहेब खापर्ड्यांनी पुढे उभा हिंदुस्थान गाजवला, तरी कागदोपत्री हा सगळा मुलूख भाड्यानं दिलेलाच होता.

या भाड्याच्या जमान्याची एक खूण मूर्तिजापूरला अजून पाहता येते. ‘शकुंतला’ म्हणून ओळखली जाणारी अरुंद रुळांची गाडी इथून एकीकडे अचलपूरला आणि दुसरीकडे यवतमाळला जायची. किलिक निक्सन कंपनीच्या पुढाकारानं विसाव्या शतकाच्या सुरवातीला ती बांधली गेली, पुन्हा कापसासाठीच. स्वातंत्र्यानंतर देशभरातले लोहमार्ग सरकारजमा झाले, या फाट्याची मालकी मात्र कंपनीकडेच राहिली आणि रेल्वे कराराखाली गाडी चालवत राहिली. आता गेली कित्येक वर्षं ती बंद आहे. दर्यापूरकडे जाताना रस्त्याशेजारी ते रूळ दिसतात. दोन रुळांमधलं अंतर एवढं कमी की मोठ्या माणसाला एका ढांगेत ओलांडता यावं. स्लीपरांच्या मधे तरवट आणि बोरी उगवल्यात. शेजारच्या वावरातल्या बायका वेचणी करून परतताना त्याच रुळांमधून चालत येतात, डोक्यावर गाठोडी घेऊन, कारण पावसाळ्यानंतर तीच काय ती कोरडी वाट असते. लोकांनी गाडी रुंद करून पुन्हा सुरू करा म्हणून निवेदनं दिली, मोर्चे काढले. मी जेव्हा जेव्हा तिथून जातो तेव्हा वाटतं, की आमच्या मुलखातली साधी गाडीसुद्धा कुणाच्या तरी करारात अडकलेली असते.

आता मूळ मागणीकडे येतो. मध्य प्रांत आणि वऱ्हाडाच्या विधिमंडळानं १ ऑक्टोबर १९३८ ला मराठी जिल्ह्यांचा वेगळा प्रांत करावा असा ठराव केला. म्हणजे संयुक्त महाराष्ट्राची परिषद स्थापन होण्याच्या आधी महाविदर्भाची मागणी एका कायदेमंडळात मंजूर झालेली होती. ती मराठीच्या विरुद्ध नव्हती, उलट हिंदी बहुसंख्येच्या प्रांतातून मराठी जिल्हे बाहेर काढण्यासाठी होती. मग १९४६ साली बेळगावच्या साहित्य संमेलनात संयुक्त महाराष्ट्राचा ठराव झाला. अध्यक्ष होते ग. त्र्यं. माडखोलकर, म्हणजे नागपूरचेच संपादक. विदर्भातच दोन मतं होती, आणि दोन्ही बाजूंची माणसं मनापासून बोलत होती.

या दोन मतांचा मेळ घालायला ८ ऑगस्ट १९४७ रोजी अकोल्यात बैठक झाली. स्वातंत्र्याला सात दिवस उरले होते. शंकरराव देव संयुक्त महाराष्ट्राच्या बाजूचे, ब्रिजलाल बियाणी महाविदर्भाच्या. त्या दिवशी जो करार झाला, तो मला आमच्या सगळ्या करारांत मोलाचा वाटतो. एक मराठी राज्य व्हावं, पण त्यात पश्चिम महाराष्ट्र आणि महाविदर्भ असे दोन उपप्रांत असावेत, प्रत्येकाचं विधिमंडळ वेगळं, मंत्रिमंडळ वेगळं. आणि असं राज्य होत नसेल, तर महाविदर्भ वेगळा. सुर्जी-अंजनगावपासून दीडशे वर्षांच्या आसपास गेली होती आणि प्रथमच वऱ्हाडच्या भूमीवरल्या करारात वऱ्हाडची माणसं सही करणाऱ्यांमध्ये होती.

तो करार अंमलात आला नाही. त्याच्या जागी २८ सप्टेंबर १९५३ चा नागपूर करार आला. दोन्ही शेजारी ठेवून वाचले की काय घडलं ते कळतं. अकोल्याच्या करारात विदर्भाला निर्णय करणारी स्वतःची सभा होती. नागपूर करारात लोकसंख्येच्या प्रमाणात खर्च, लोकसंख्येच्या प्रमाणात नोकऱ्या, शिक्षणसंस्थांत जागा, नागपूरला उच्च न्यायालयाचं खंडपीठ आणि नागपूरला विधिमंडळाचं अधिवेशन. खर्चाचा अहवाल दरवर्षी विधानसभेपुढे ठेवायचा, असंही लिहिलं. या सगळ्या चांगल्याच गोष्टी आहेत. पण पहिल्या करारात ठरवणारे आम्ही होतो आणि दुसऱ्यात दुसऱ्यांनी ठरवून आम्हाला द्यायचं होतं. १९५६ साली घटनेत ३७१ (२) कलम आलं तेव्हा आणखी एक पायरी उतरलो. विकास मंडळं, आणि निधीच्या समन्यायी वाटपाची जबाबदारी राज्यपालांवर. ती मंडळं प्रत्यक्षात यायला १९९४ साल उजाडलं, म्हणजे ३८ वर्षं. विदर्भाच्या मंडळाला हिशेब मांडता येत होता, शिफारस करता येत होती, खर्च करायचा अधिकार नव्हता. ३० एप्रिल २०२० ला त्या मंडळांचीही मुदत संपली आणि ती वेळेवर वाढवली गेली नाही.

विधिमंडळापासून सुरुवात झाली आणि मुदत संपलेल्या मंडळापर्यंत आलो. निर्णय कोण करणार हा मूळ प्रश्न होता. त्याचा हळूहळू किती पैसे मिळणार हा प्रश्न झाला. विदर्भवादी नेत्यांचाही यात दोष आहे असं माझं स्पष्ट मत आहे, कारण त्यांनीही रकमेवर भांडायची सवय लावून घेतली. रक्कम कधीच पुरी पडत नाही आणि मिळाली तरी कुठे खर्च करायची हे मिळवणाऱ्याच्या हातात नसतं.

राज्य पुनर्रचनेसाठी नेमलेल्या फाजल अली आयोगानं १९५५ साली बुलडाणा, अकोला, अमरावती, यवतमाळ, वर्धा, नागपूर, भंडारा आणि चांदा या आठ जिल्ह्यांचं विदर्भ राज्य करावं अशी शिफारस केली होती. हृदयनाथ कुंझरू आणि सरदार पणिक्कर यांच्यासारखी माणसं त्या आयोगावर होती, आणि विदर्भ आपल्या पायावर उभा राहील याबद्दल त्यांना शंका वाटली नाही. त्याच वर्षी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी भाषावार राज्यांवरच्या आपल्या पुस्तकात मराठी मुलखाची चार राज्यं सुचवली आणि त्यात पूर्वेचं एक राज्य विदर्भाचं होतं. एका राज्यात एकच भाषा असावी याचा अर्थ एका भाषेचं एकच राज्य असावं असा होत नाही, हा त्यांचा युक्तिवाद मला आजही अभेद्य वाटतो. हिंदी बोलणाऱ्यांची किती राज्यं आहेत ते पाहावं, आणि त्यामुळे हिंदीचं काय कमी झालं ते सांगावं.

शिफारस बाजूला पडली. मुंबईचा प्रश्न पेटला होता आणि त्या आगीत बाकीचे प्रश्न दिसेनासे झाले. १ नोव्हेंबर १९५६ ला द्वैभाषिक मुंबई राज्य आलं, १९६० ला महाराष्ट्र. संयुक्त महाराष्ट्रासाठी ज्यांनी प्राण दिले त्यांच्याबद्दल माझ्या मनात आदरच आहे. ते मुंबईसाठी लढले, मराठी माणसाच्या मानासाठी लढले. पण त्या लढ्याच्या विजयात आमचा प्रश्न सुटला असं धरून चालणं बरोबर नव्हतं.

आणि इथे मला गोवा आठवतो. महाराष्ट्रात विलीन व्हायचं की केंद्रशासित राहायचं, हे गोव्याच्या माणसांना १६ जानेवारी १९६७ ला रीतसर मतदानानं विचारलं गेलं. विलीनीकरणाच्या बाजूनं १,३८,१७० मतं पडली आणि विरोधात १,७२,१९१. महाराष्ट्रानं तो कौल मान्य केला, दुःख वाटलं तरी मान्य केला. स्कॉटलंडला २०१४ साली विचारलं, तिथल्या लोकांनी ब्रिटनबरोबर राहायचं ठरवलं, तेही सर्वांनी स्वीकारलं. विदर्भाच्या माणसाला सरकारनं एकदाही मतपत्रिका देऊन विचारलेलं नाही. त्यामुळे विदर्भाला लोकांचा पाठिंबा आहे असं म्हणणारेही अंदाजानं बोलतात आणि नाही म्हणणारेही अंदाजानंच. निवडणुकीत विदर्भवादी पडतात हा पुरावा म्हणून दाखवला जातो. पण आमचा माणूस मत देताना कापसाचा भाव बघतो, जात बघतो, उमेदवार अंत्ययात्रेला आला होता का ते बघतो. त्यातून राज्याबद्दलचा कौल वेगळा काढता येत नाही. नागपूरनं १९६२ साली बापूजी अण्यांना आणि १९७१ साली जांबुवंतराव धोट्यांना लोकसभेत पाठवलं, तोही एक कौलच होता, आणि तोही कुणी धरला नाही. दोन्ही माणसं मूळ यवतमाळ जिल्ह्यातली, म्हणजे वऱ्हाडची. त्यांना उचलून धरलं नागपूरनं. ही गोष्ट मी बऱ्याचदा मनात घोळवतो.

कारण वऱ्हाडात या मागणीला जो प्रतिसाद मिळायला हवा तो मिळत नाही, हे खरं आहे. दर्यापूर तालुक्यातल्या माझ्या सासऱ्यांनी त्याचं उत्तर एका दुपारी मला विहिरीच्या काठावर दिलं. त्यांचं वावर खारपाणपट्ट्यात आहे. पूर्णा नदीच्या खोऱ्यात अमरावती, अकोला आणि बुलडाणा या तीन जिल्ह्यांत पसरलेला हा पट्टा. वर काळी कसदार जमीन, पन्नास फूट खाली गेलं की खारं पाणी. त्यांच्या विहिरीला पाणी भरपूर आहे. आम्ही गेलो तेव्हा काठोकाठ होतं, निळसर, स्वच्छ, बघितलं की ओंजळ भरून प्यावंसं वाटावं असं. तोंडात घेतलं की थुंकावं लागतं. त्या पाण्यात डाळ शिजत नाही, साबणाला फेस येत नाही, आणि पिकाला दोन-तीनदा दिलं की जमीन आवळते, वर पांढरा थर धरते, मग वखरही घुसत नाही. त्यामुळे सगळी शेती पावसाच्या भरवशावर. खरिपात पऱ्हाटी, तूर, मूग. रब्बीत ओलीवर हरभरा. प्यायला शहानूर धरणाचं पाणी नळानं येतं, येईल त्या दिवशी.

मामाजींना मी विचारलं, विदर्भ झाला तर तुमच्या मते काय होईल. ते विहिरीत बघत म्हणाले, “जवाईबापू, मुंबईले आमची हिर दिसत नाही म्हन्ता ना तुमी? मंग नागपूरले दिसीन, हे तुमाले कोनं सांगतलं?”

मी म्हटलं, नागपूर जवळ आहे, आपलं आहे. 

“आपलं कायचं? थे संत्र्याचे अन् धानाचे. आमी खाऱ्या पान्याचे. तिकडच्या मानसानं खारं पानी चाखलं हाय काय कधी?”

मला तिथे उत्तर सुचलं नाही. वऱ्हाडी मनातली ही शंका पुस्तकातल्या विदर्भवादात कुठे येत नाही, पण गावागावात आहे. वि. म. दांडेकरांच्या समितीनं १९८४ साली राज्याच्या सरासरीशी तुलना करून जिल्हावार अनुशेष काढला. एकूण ३,१८६ कोटींपैकी विदर्भाचे १,२४६ कोटी. या आकड्यावर विदर्भवादाची पुढची सगळी भाषणं उभी राहिली. पण त्यानंतर सिंचनाचा अनुशेष कागदावर भरत भरत आला, तेव्हा शेवटी कोण उरलं? अमरावती, अकोला, वाशीम, बुलडाणा. राज्यात विदर्भ मागे आणि विदर्भात वऱ्हाड मागे. घुंगशी, नेरधामणा या पूर्णेवरच्या बॅरेजेसची नावं आमच्याकडे एका पिढीनं ऐकली आणि दुसऱ्या पिढीला सांगितली. गोसीखुर्दचं भूमिपूजन १९८८ साली राजीव गांधींच्या हस्ते झालं, रेंगाळलं, तरी निदान देशभर त्याचं नाव झालं. आमच्या बॅरेजला जिल्ह्याबाहेर नावही नाही.

२००६ च्या जुलै महिन्यात पंतप्रधान मनमोहन सिंग इकडे आले आणि ३,७५० कोटींचं पॅकेज जाहीर झालं, सहा जिल्ह्यांसाठी. अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलडाणा, वाशीम आणि वर्धा. सहापैकी पाच वऱ्हाडचे. शेतकऱ्यांच्या आत्महत्यांचा नकाशा काढला तेव्हा तो जवळजवळ जुन्या वऱ्हाडच्याच हद्दीवर बसला. जो मुलूख मिळावा म्हणून निजाम आणि इंग्रज ऐंशी वर्षं भांडले, ज्याच्यासाठी लंडनला वकील गेले, त्याच मुलखातल्या माणसाला फवारणीचं औषध जवळ करावं लागलं. याचं कारण फक्त मुंबई आहे असं मी म्हणणार नाही. कापसाचा भाव मुंबईत ठरत नाही, नागपुरातही ठरणार नाही. १९७२ ला राज्यानं कापूस एकाधिकार योजना आणली तेव्हा शेतकऱ्याला आपला कापूस सरकारखेरीज कुणाला विकता येईना. चांगला भाव मिळेल त्या वर्षी मध्य प्रदेशच्या हद्दीवर नाकी बसली आणि रात्री-बेरात्री गाड्या आडवाटेनं निघू लागल्या. स्वतःच्या वावरातला कापूस चोरून विकायची पाळी ज्याच्यावर आली, त्याला राज्याची हद्द म्हणजे काय ते नीट कळलेलं असतं. शरद जोशींच्या शेतकरी संघटनेनं विदर्भाला पाठिंबा दिला, त्यामागे ही कळ होती.

दुसऱ्या बाजूनं एक ओढ आहे, आणि तीही मी नाकारणार नाही. कौंडिण्यपूरहून रुक्मिणीची पालखी पंढरपूरला जाते. शेगावहून गजानन महाराजांची जाते, अकोल्यावरून. गाडगेबाबा अमरावती जिल्ह्यातल्या शेंडगावचे, आणि त्यांनी धर्मशाळा बांधल्या त्या पंढरपूर, नाशिक, देहू, आळंदीला. पंजाबराव देशमुखांनी अमरावतीला शिवाजी शिक्षण संस्था उभी केली ती छत्रपतींच्या नावानं. आमची पोरं पुण्याला जातात. संध्याकाळी अमरावती एक्सप्रेसच्या फलाटावर उभं राहून पाहा, लोणच्याच्या बरण्या, सरगुंड्यांच्या पिशव्या, आयांचे डोळे. ती गाडी वेगळ्या राज्यात गेली म्हणून काही तुटणार नाही हे मला ठाऊक आहे. भोपाळला, इंदूरला, बडोद्याला मराठी घरं पिढ्यान्‌पिढ्या आहेत. तरी ज्यांची पोरं हिंजवडीत नोकरीला आहेत त्यांना वेगळ्या राज्याची गोष्ट कानाला गोड लागत नाही, आणि त्यांना मी दोष देत नाही.

तेलंगणानं २०१४ साली एक गोष्ट दाखवून दिली. आंध्रच्या विधानसभेनं विधेयक फेटाळलं, तरी संसदेनं राज्य केलं. म्हणजे मुंबईनं हो म्हटल्याखेरीज काही होत नाही, ही पळवाट आता उरलेली नाही. २०१६ च्या मार्चमध्ये राज्याचे महाधिवक्ता श्रीहरी अणे यांना विदर्भ आणि मराठवाड्याबद्दल बोलल्यावर पद सोडावं लागलं. त्यांचे आजोबा म्हणजे तेच बापूजी अणे. नातवाच्या वेळीही या विषयावर बोलायची किंमत मोजावी लागते, यावरून विषय संपलेला नाही एवढं कळतं.

मला विचारलं तर मी विदर्भाच्या बाजूनं मत देईन. मामाजींचा प्रश्न ऐकल्यावरही देईन, उलट त्या प्रश्नामुळेच देईन. वैनगंगेचं पाणी नळगंगेपर्यंत, म्हणजे गोसीखुर्दपासून बुलडाण्यापर्यंत, चारशेहून अधिक किलोमीटरच्या कालव्यानं आणायचा प्रकल्प मंजूर झालेला आहे. हे पाणी पूर्व विदर्भातून निघून वऱ्हाडात यायचं आहे. ते किती यावं, आधी कुणाच्या वावरात जावं, टंचाईच्या वर्षी कुणाचं कापावं, ही भांडणं होणार. ती भंडाऱ्याच्या आमदारानं आणि अकोल्याच्या आमदारानं समोरासमोर बसून करावीत, अशा सभेत करावीत जिथे या दोघांखेरीज तिसऱ्या कुणाचा ऊस मधे नाही. आज ६२ आमदार विदर्भाचे आहेत आणि २८८ च्या सभागृहात त्यांना आधी इतरांना समजवावं लागतं की खारं पाणी म्हणजे काय.

पण माझं मत अटीवर आहे आणि अट आधी लिहून हवी. अकोल्याच्या करारात जे होतं ते नव्या राज्याच्या पोटात वऱ्हाडला मिळालं पाहिजे. नागपूर राजधानी असायला माझी हरकत नाही, ते शहर त्या योग्यतेचं आहे. विधिमंडळाचं एक अधिवेशन अमरावतीला भरावं. पाटबंधारे खात्याचा मुख्य अधिकारी अकोल्याला बसावा, खारपाणपट्ट्यापासून तासाभराच्या अंतरावर. अमरावती महसूल विभागाचा पैसा तिथल्या निवडून आलेल्या सभेनं खर्च करावा, शिफारस करणाऱ्या मंडळानं नव्हे. आणि मेळघाटातल्या ज्या धारणी-चिखलदऱ्याच्या कोरकू आदिवासीला मुंबई काय आणि अमरावती काय, दोन्ही सारखीच लांब आहेत, त्याच्या प्रतिनिधीची सही त्या कागदावर असावी. आम्हाला दोनशे वर्षं जे सोसावं लागलं ते आम्ही मेळघाटाच्या वाट्याला घालू नये. आम्हाला अकोला कृषी विद्यापीठ १९६९ साली मिळालं ते आंदोलन करून, अमरावती विद्यापीठ १९८३ साली नागपूरपासून वेगळं झालं ते आपलं कामकाज आपल्याकडे असावं म्हणून. दोन्ही वेळा जे बरोबर होतं, ते राज्य करतानाही बरोबरच ठरेल.

मागच्या दिवाळीत मी हे सगळं मामाजींना सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं, मधे एकदाही बोलले नाहीत. मग म्हणाले, “पाटबंधाऱ्याचा सायेब अकोल्याले बसला तं मी सोता जाईन त्याच्याकडे, हिरीचं पानी शिशीत भरून. पन जवाईबापू, थो कागद लिवाची बैठक कधी हाय? मले तारीख सांगा.”